"ताई, गोरं करणारी ट्यूब द्या ना": रंगाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमळनेरला आमचं मेडिकल आहे. एकोणीस वर्षं मी काउंटरमागे उभी आहे. तापाच्या आणि शुगरच्या गोळ्यांच्या खालोखाल माझ्याकडे सगळ्यात जास्त काय मागितलं जात असेल, तर चेहरा उजळवणारं काहीतरी. मागणारी बहुतेक वेळा एकटी येते. दुकानात दुसरं गिऱ्हाईक असलं तर बाजूला थांबते, ते गेलं की हळू आवाजात विचारते. बचत गटाच्या बैठकीत किंवा शाळेत मुलींशी बोलायला गेले की तेच प्रश्न घडी घातलेल्या चिठ्ठ्यांवर येतात. ते इथे एकत्र केलेत. शब्द शक्यतो विचारणाऱ्यांचेच ठेवलेत.

पोरीचं लग्न काढायचंय. गोरं व्हायला कुठली क्रीम चांगली?

कुठलीच नाही. माझ्या दुकानात नाही, जळगावला नाही, मुंबईतही नाही.

त्वचेला रंग येतो मेलॅनिनमुळे. ते तयार करणाऱ्या पेशी गोऱ्या माणसात आणि काळ्या माणसात जवळपास सारख्याच संख्येनं असतात. त्या पेशी किती आणि कोणत्या प्रकारचं मेलॅनिन बनवतात आणि ते त्वचेत कसं पसरतं, यावर रंग ठरतो, आणि हे सगळं आईबापांकडून येतं. मेलॅनिन उन्हातली अतिनील किरणं अडवतं. मे महिन्यात भुसावळ-जळगावचा पारा ४५ अंशांच्या आसपास जातो. त्या उन्हात शेतात उभ्या असलेल्या बाईच्या अंगावर निसर्गानं दिलेलं हे पांघरूण आहे.

एक साधी गोष्ट करून बघा. दंडाची आतली बाजू, जिथे ऊन लागत नाही, ती बघा. तो तुमचा मूळ रंग. उन्हानं रापलेला चेहरा काळजी घेतली तर त्या रंगापर्यंत येऊ शकतो. त्याच्या पलीकडे नेतो असं जो सांगतो, तो एकतर खोटं बोलतोय, नाहीतर तुम्हाला इजा होईल असं काहीतरी विकतोय.

पण माझ्या मैत्रिणीनं एक ट्यूब लावली, ती पंधरा दिवसांत उजळली. ते कसं?

हा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

त्या ट्यूबमध्ये बहुतेक वेळा तीन औषधं एकत्र असतात: हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि एखादं स्टेरॉइड, जसं मोमेटासोन किंवा फ्लुओसिनोलोन. चेहऱ्यावरच्या वांगासाठी त्वचारोगतज्ज्ञ हे मिश्रण देतात, तेही मोजके आठवडे, रात्री, सांगतील तेवढंच. काही ट्यूबमध्ये बीटामेथासोन किंवा क्लोबेटासोल असतं, यातलं क्लोबेटासोल तर आणखी जोरदार स्टेरॉइड. स्टेरॉइडनं त्वचेतल्या बारीक रक्तवाहिन्या आकसतात, मुरमांची सूज बसते, रंग तात्पुरता फिका होतो. पंधरा दिवसांत चेहरा तुकतुकीत दिसतो. मैत्रिणी विचारतात, "काय लावतेस गं?" आणि नाव एकीकडून दुसरीकडे जातं.

पुढचं कुणी सांगत नाही. काही महिन्यांत त्वचा पातळ होते. गालावर लाल-जांभळ्या बारीक शिरा दिसायला लागतात. हनुवटीवर, गालावर लव वाढते. पुरळ येतं आणि जात नाही. ट्यूब थांबवली की चेहरा लालबुंद होतो, आग होते, म्हणून बाई पुन्हा तीच लावते. सुटका अशी राहत नाही.

दोन वर्षांपूर्वी एक मुलगी आली, विशीची असेल. ओढणी डोळ्यांपर्यंत बांधलेली. मी म्हटलं, ऊन नाही आता, काढ की. तिनं काढली. दोन्ही गाल भाजल्यासारखे, नाकाजवळ पांढरे फोडाचे ठिपके. म्हणाली, "चुलीपाशी बसवत नाही ताई, स्वयंपाक आईच करते." आठ महिने रोज दोनदा लावत होती. ट्यूब तिच्या काकूनं आणून दिली होती, लग्न ठरावं म्हणून.

ती ट्यूब माझ्या दुकानातली नव्हती. पण सुरुवातीच्या काही वर्षांत अशा ट्यूब मीही चिठ्ठीशिवाय विकल्यात. सगळेच विकायचे. मी शिकलेली होते, मला कळायला हवं होतं. २०१८ साली केंद्र सरकारनं त्वचेवर लावायच्या स्टेरॉइडवरचे नियम कडक केले, डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय ती विकता येत नाहीत. तरीही मिळतात. म्हणून खोकं स्वतः वाचा. वर लिहिलेल्यांपैकी एखादं नाव दिसलं, किंवा कोपऱ्यात 'आरएक्स' अशी खूण दिसली, तर ते औषध आहे, सौंदर्यप्रसाधन नाही. चिठ्ठी नसेल तर परत ठेवा. दुकानदार "काही होत नाही" म्हणाला तरी.

लावून चेहरा बिघडलाय. आता काय करू?

आधी कुणाला तरी सांगा. मुली महिनोन्‌महिने लपवतात आणि तेवढ्यात चेहरा आणखी बिघडतो.

त्वचेच्या डॉक्टरकडे जा आणि वापरलेली ट्यूब सोबत न्या, रिकामी असली तरी. आपल्या मनानं बंद करू नका. बरेच डॉक्टर एकदम बंद न करता हळूहळू कमी करायला लावतात, नाहीतर चेहरा उसळतो. धुळे, जळगाव, नंदुरबार तिन्हीकडे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयं आहेत, खासगी परवडत नसेल तर तिथे दाखवा. बरं व्हायला महिने लागतात. त्या काळात घरगुती लेप, लिंबू, टूथपेस्ट, बेकिंग सोडा यातलं काहीही लावायचं नाही.

पार्लरमधून एक डबी मिळते. त्यावर नाव-गाव काहीच नाही, पण फरक पडतो म्हणतात.

ती घेऊ नका. हे मी हात जोडून सांगते.

अशा डब्यांत पारा सापडलेला आहे. पारा मेलॅनिन बनायचं थांबवतो, म्हणून रंग उतरतो, पण तो त्वचेतून रक्तात जातो आणि मूत्रपिंडात साठतो. आपल्या शेजारच्या अकोल्यात एकाच घरातल्या तिघींची मूत्रपिंडं अशा क्रीममुळे बिघडली होती, ते मुंबईच्या केईएम रुग्णालयात तपासण्या झाल्यावर कळलं. २०२३ साली केरळातल्या मलप्पुरम जिल्ह्यातही असेच रुग्ण सापडले. चेहऱ्याच्या क्रीममध्ये मुद्दाम पारा घालायला आपल्याकडे बंदी आहे. चुकून आलेला पाराही दहा लाख भागांत एका भागापेक्षा जास्त चालत नाही.

ज्या डबीवर बनवणाऱ्याचा पत्ता, परवाना क्रमांक, घटक आणि मुदत नाही, ती तोंडाला लावायची नाही. अशी डबी वापरत असाल आणि पायावर, डोळ्यांखाली सूज येत असेल किंवा लघवीला फेस येत असेल, तर लघवीची तपासणी लगेच करून घ्या.

सुनेला सातवा महिना लागला. केशर-दूध दिलं तर बाळ गोरं होईल ना?

नाही होणार. केशर, नारळाचं पाणी, लोणी, यातल्या कशाचाही बाळाच्या रंगाशी संबंध नाही. आणि जांभळं, काळी द्राक्षं खाल्ल्यानं बाळ काळं होतं हेही खरं नाही. बाळाचा रंग अनेक जनुकांवरून ठरतो. एकाच आईबापांची दोन मुलं वेगळ्या रंगाची निघतात ती त्यामुळेच.

केशराला जो पैसा जातो तो शेंगदाणे, गूळ, डाळ, अंडी, पालेभाजी यावर घाला. आमच्याकडे लोहाच्या गोळ्या सरकारी दवाखान्यातून फुकट मिळतात आणि बायका त्या कपाटात ठेवतात, "गोळ्यांनी बाळ काळं होतं" म्हणून. हे ऐकलं की माझा जीव तुटतो. त्या गोळ्यांनी शौचाला काळं होतं, बाळ नाही. त्या न घेतल्यानं बाळंतपणात जीव जाऊ शकतो.

बाळ जन्मलं तेव्हा गोरं होतं, आता काळं पडत चाललंय.

बहुतेक बाळांचं असंच होतं. जन्मताना मेलॅनिन पूर्ण बनलेलं नसतं, पुढच्या काही महिन्यांत बनतं. आपल्या आज्यांना हे ठाऊक आहे, म्हणून तर त्या बाळ हातात आल्याबरोबर कानाच्या पाळ्या आणि नखांच्या कडा बघतात आणि पुढचा रंग सांगून मोकळ्या होतात.

बेसन, हळद, कणकेचा गोळा यांनी चोळून रंग बदलत नाही, लव निघते आणि नाजूक कातडीला ओरखडे येतात. तेलानं हलक्या हातानं मालिश करा, पुरे. एक गोष्ट मात्र नीट बघा. सावळ्या बाळाची कावीळ अंगावर लवकर दिसत नाही. दिवसाच्या उजेडात, खिडकीपाशी, डोळ्यांचा पांढरा भाग आणि हिरड्या बघा. पिवळट वाटलं तर त्याच दिवशी दवाखाना.

मुलीची मान आणि काखा काळ्या आहेत. किती घासलं तरी निघत नाही.

घासू नका, तो मळ नाही. मानेवरची त्वचा जाड, मखमलीसारखी आणि काळसर झाली असेल तर ते बहुतेक वेळा शरीर इन्शुलिन नीट वापरत नसल्याचं लक्षण असतं. वजन वाढलेल्या मुलींमध्ये, पाळी अनियमित असलेल्या मुलींमध्ये हे खूप दिसतं. पुढे मधुमेह होण्याची शक्यता असते. शुगर तपासा, डॉक्टरांना दाखवा. प्यूमिस दगडानं मान सोलून काढलेल्या मुली मी पाहिल्यात. आई म्हणते "नीट आंघोळ करत नाही", आणि पोरगी मान खाली घालून उभी असते.

उलटं झालंय. मुलगी हल्ली उजळलीये. वयात आल्यावर असं होतं का?

तिच्या खालच्या पापणीची आतली बाजू बघा. लाल हवी. फिकट, पांढुरकी दिसली तर रक्त कमी आहे. तळहात बघा, नखं बघा. जिना चढताना धाप लागते का विचारा.

पांढरी फटक पडलेली पोर "उजळली" म्हणून सगळ्यांना आवडायला लागते, हे मी एकदा नाही, कितीदा पाहिलं. नंदुरबार-धुळ्याच्या आदिवासी पट्ट्यात सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजारही आहे, तिथे तर ही तपासणी टाळूच नये. हिमोग्लोबिन सरकारी दवाखान्यात फुकट तपासतात.

खो-खो खेळून मुलगी काळी पडतेय. लग्नापर्यंत बंद करावं का?

बंद करू नका. उन्हानं आलेला काळेपणा वरचा असतो, ऊन कमी झालं की काही आठवड्यांत उतरतो. सुटलेलं मैदान परत मिळत नाही.

सकाळी लवकर किंवा साडेचारनंतर सराव ठेवता येतो, शिक्षकांशी बोला. पूर्ण बाह्यांचा शर्ट, टोपी, चेहऱ्याला एसपीएफ ३० किंवा त्याहून जास्तीचं सनस्क्रीन, दर दोन-तीन तासांनी पुन्हा. हे सगळं कातडी भाजू नये म्हणून. गोरं होण्यासाठी नाही.

शेतावर जाणाऱ्या मुलींचंही तेच आहे. कापूस वेचणीला घरातल्या सगळ्या बाया जातात आणि जिचं लग्न काढायचंय तिला घरी ठेवतात. वरवर हे लाड वाटतात. अशी घरी ठेवलेली एक मुलगी मला म्हणाली होती, "बाहेरचं तोंड बघून सहा महिने झाले." आणि ज्यांच्या घरी मजुरीशिवाय चूल पेटत नाही त्यांच्या मुलीला तर घरी बसण्याचीही सोय नाही, ती कापूस वेचते आणि वर रंगावरून बोलणंही खाते.

आपण खान्देशातले लोक उन्हामुळेच काळे ना?

थोडं ऊन, बरंचसं रक्त. २०१३ साली हैदराबादच्या सीसीएमबी या संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी एसएलसी२४ए५ नावाच्या जनुकाचा भारतभर अभ्यास प्रसिद्ध केला. या जनुकात एक बदल असला की त्वचा उजळ होते. युरोपातल्या लोकांत जो बदल आहे तोच आपल्याकडेही आहे, एकाच मुळातून आलेला, आणि देशात सगळीकडे, पण कुठे जास्त कुठे कमी. म्हणजे वेगवेगळ्या काळी आलेले लोक इथे मिसळले, त्याची ही खूण. तुमच्याच घरात एक भाऊ गव्हाळ आणि एक काळा निघतो, त्यात कुणाच्या कुळाला उणेपणा यायचं कारण नाही.

गोरेपणाचं वेड इंग्रजांनी आणलं म्हणतात. खरं का?

अर्धं खरं. राज्य करणारा गोरा आणि राबणारा काळा हे चित्र त्यांनी पक्कं केलं. पण सावलीत बसणाऱ्याचा रंग आणि उन्हात राबणाऱ्याचा रंग हा फरक आपण त्याआधीपासून करत होतो, आणि त्याला जातीची जोड होती. "रंगावरून आमच्यातली वाटत नाही" हे वाक्य कुठून येतं, याचा प्रत्येकानं स्वतःच्या घरात विचार करावा.

मग बाजार आला. 'फेअर अँड लव्हली' १९७५ साली आली. पुरुषांसाठी 'फेअर अँड हँडसम' २००५ साली. जाहिरातीत आधी काळवंडलेली, उदास मुलगी, शेवटी उजळ आणि नोकरी मिळालेली. २०१४ साली जाहिरात क्षेत्राच्या स्वनियंत्रण संस्थेनं नियम केले, की सावळ्या माणसाला दुःखी, कमी दर्जाचं किंवा लग्नाच्या बाजारात मागे पडलेलं दाखवायचं नाही. २०२० मध्ये 'फेअर अँड लव्हली'चं नाव 'ग्लो अँड लव्हली' झालं. माझ्याकडे आजही गिऱ्हाईक जुन्याच नावानं मागतं.

बायोडाट्यात 'वर्ण' लिहावा का?

लिहू नका. ती ओळच काढून टाका.

आमच्याकडच्या बायोडाट्यांत रंगाला किती नावं आहेत बघा: गोरा, गव्हाळ, गहूवर्णी, निमगोरा, उजळ सावळा. 'काळा' असं एकाही बायोडाट्यावर मी वाचलेलं नाही. जो रंग निम्म्या गावाचा आहे तो कागदावर लिहायची लाज वाटते. मग फोटो स्टुडिओत चेहरा दोन छटा वर नेतात, आणि बघायला आलेली माणसं दारातच थबकतात. त्या एका क्षणात मुलीला सगळं कळतं.

मला माहीत आहे ते. मी बावीस वर्षांची होते, डी. फार्म झालेलं. पाहण्याच्या दिवशी मावशीनं माझ्या तोंडाला पावडर चोपडली, एकावर एक तीन थर. हातांना लावायचं राहिलं. पोह्यांची ताटली पुढे केली तेव्हा मुलाच्या आत्यानं माझ्या मनगटाला धरलं, हात उलटा केला, पुन्हा सुलटा केला आणि माझ्या तोंडाकडे पाहिलं. काही बोलली नाही. ताटली घेतली. तिसऱ्या दिवशी मध्यस्थाकडून निरोप आला, "पोर चांगली शे, पन कायी शे." म्हणजे पोर चांगली आहे, पण काळी आहे. आईनं ते मला सांगितलं नाही, मी भिंतीआडून ऐकलं. त्यानंतर दोन वर्षं मी बाहीच्या बाहेर हात काढायला लाजत होते, आणि आजही ओवाळताना कुणी माझ्या मनगटाकडे पाहिलं की मी ताट दुसऱ्या हातात घेते.

रंग कमी म्हणून सोनं जास्त, हा हिशेबही उघड होतो. "दोन तोळे वाढवा, मग बघू." हुंडा १९६१ पासून कायद्यानं बंद आहे, आणि हा हुंडाच आहे.

२०११ च्या जनगणनेत जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांखालच्या हजार मुलांमागे ८४२ मुली होत्या. आज मुलांचे बाप येऊन बसतात, मुली मिळत नाहीत म्हणून सांगतात, बाहेरच्या राज्यातून सून आणायची तयारी ठेवतात. आणि तरी त्याच दमात विचारतात, "रंगानं कशी आहे?"

शादी डॉट कॉमनं २०२० साली लोकांनी आवाज उठवल्यावर रंगानुसार स्थळं निवडायची सोय काढली. आपल्या समाजांच्या वधू-वर परिचय मेळाव्यांच्या अर्जांत तो रकाना अजून असतो. मेळावा भरवणारं कुणी हे वाचत असेल तर या वर्षीचा अर्ज छापायला देण्याआधी तो रकाना खोडा. समितीचा ठराव लागत नाही त्याला, एक पेन लागतं.

मुलांना तरी हा त्रास नसतो ना?

असतो, कमी असतो. मुलाची नोकरी किंवा शेती रंग झाकते, मुलीची पदवी झाकत नाही. पण दहावी-बारावीची मुलं त्याच ट्यूब मागायला येतात, आणि मुलींपेक्षा जास्त लाजतात.

'काळू', 'डांबर' असं गमतीनं म्हटलं तर काय बिघडलं?

ज्याला म्हणता त्याला एकदा विचारा, एकट्याला, बाकीचे नसताना. शाळेच्या चिठ्ठ्यांत मला एक आली होती, सातवीच्या मुलीची: "गॅदरिंगमध्ये मला दरवर्षी राक्षसीण करतात. मला पाठांतर सगळ्यात चांगलं येतं." नाव नव्हतं. मी ती चिठ्ठी मुख्याध्यापकांना दाखवली. पुढच्या वर्षी काय झालं हे विचारायला मी गेले नाही, जायला हवं होतं.

आपला विठोबा काळा, कृष्ण सावळा. मग हा भेदभाव कसा?

हे भाषणात छान वाटतं, मीही म्हणायचे. मुक्ताईनगरहून मुक्ताईची पालखी दरवर्षी त्या सावळ्या विठ्ठलाला भेटायला जाते, आमच्या घरचेही गेलेत. पण परत आल्यावर बायोडाटा बघताना कुणाला विठ्ठल आठवत नाही. म्हणून मी हा मुद्दा आता मांडत नाही. मुलीची बाजू घ्यायला देवाचा दाखला लागू नये.

मी पावरा आहे, कॉलेजसाठी अक्कलकुव्याहून आले. होस्टेलमध्ये रंगावरून आणि जातीवरून एकदमच बोलतात.

बाई, हे सहन करायचं नाही. नंदुरबार जिल्ह्यात सुमारे ६९ टक्के लोक आदिवासी आहेत. आपल्याच भागात आपल्याच मुलींना असं वागवलं जातं याची शरम आम्हाला वाटली पाहिजे, तुला नाही.

रंगावरून, जातीवरून, दिसण्यावरून विद्यार्थ्याला छळणं हे रॅगिंगच आहे, विद्यापीठ अनुदान आयोगानं २०१६ मध्ये नियमात तसं स्पष्ट घातलंय. १८००-१८०-५५२२ हा मोफत क्रमांक आहे, नाव गुप्त ठेवून तक्रार करता येते. चारचौघांत अपमान करण्याच्या हेतूनं बोललं गेलं असेल तर अनुसूचित जाती-जमातींसाठीचा १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा लागू होतो. तारीख, वेळ, नेमके शब्द आणि कोण हजर होतं हे वहीत लिहून ठेव. मेसेज आले असतील तर स्क्रीनशॉट काढून ठेव.

सासरी रोज रंगावरून टोमणे. कायदा काही करतो का?

करतो, पण कुठला कायदा हे नीट समजून घ्या.

२००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात अपमान करणं, हिणवणं, नावं ठेवणं हा शाब्दिक आणि भावनिक छळ धरला आहे. त्याखाली संरक्षण अधिकाऱ्याकडे जाता येतं, संरक्षणाचा आदेश मिळू शकतो, घरात राहण्याचा हक्क मागता येतो. आधी महिलांसाठीच्या १८१ या मदत क्रमांकावर फोन करून विचारा, तिथे पुढची वाट सांगतील.

फौजदारी खटल्याचं वेगळं आहे. २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं सातारा जिल्ह्यातल्या एका जुन्या प्रकरणात नवऱ्याची शिक्षा रद्द केली. रंगावरून हिणवणं हे घरगुती भांडण आहे, सासरच्या छळाच्या कलमात अपेक्षित असलेल्या गंभीर क्रूरतेपर्यंत ते जात नाही, असा त्याचा अर्थ. त्या प्रकरणात बाई जिवानिशी गेली होती. निकाल वाचून मी दुकानात काही वेळ कुणाशी बोलले नाही. दुसरीकडे कर्नाटक उच्च न्यायालयानं २०२३ मध्ये, बायको काळ्या रंगावरून अपमान करते या नवऱ्याच्या तक्रारीवर, ती क्रूरता मानून घटस्फोट दिला. तेव्हा मारहाण, पैशाची मागणी, घराबाहेर काढणं असं सोबत काही घडत असेल तर तेही तक्रारीत लिहा, फक्त टोमण्यांवर थांबू नका. आणि जीव नकोसा झाला असेल तर कायद्याच्या आधी माहेरचं दार. माहेरच्यांनीही "आमच्याच पोरीचा रंग तसा" म्हणून गप्प बसू नये.

गोरं आवडणं ही ज्याची त्याची आवड नाही का?

आवड एकट्याची असती तर कुणाला काळं, कुणाला गोरं, कुणाला गव्हाळ आवडलं असतं. सगळ्या गावाला एकच आवडतं. २०२५ च्या मार्चमध्ये केरळच्या तेव्हाच्या मुख्य सचिव शारदा मुरलीधरन यांनी आपल्या काळ्या रंगावर झालेल्या शेऱ्याबद्दल जाहीरपणे लिहिलं. राज्यातल्या सगळ्यात मोठ्या अधिकारी बाईला हे ऐकावं लागलं, आणि आपण आवडीबद्दल बोलतोय.

घरातली मोठी माणसंच बोलतात. त्यांना कसं सांगायचं?

मोठ्यांचा मान ठेवून, पण त्याच वेळी. नंतर सांगितलेलं त्यांना आठवत नाही, आणि मूल तोवर ऐकून चुकलेलं असतं. लेकराच्या समोर बोललं गेलं तर लेकराच्या समोरच थांबवा. "आई, तिच्यापुढे नको" एवढं पुरे. भांडण नको, व्याख्यान नको. आणि हातांना दुसरं काम द्या, हे मी माझ्याच घरात शिकले.

माझी मुलगी झाली तेव्हा सासूबाईंनी तिला हातात घेतलं आणि पहिल्यांदा कानाची पाळी दुमडून बघितली. म्हणाल्या, "आईवर जाईल." आवाजात जे होतं ते मला कळलं. मी बाळंतीण, खाटेवर पडलेली, पण गप्प बसवलं नाही. म्हटलं, "आई, कान राहू द्या. डोळे पिवळे आहेत का तेवढं बघा, डॉक्टरांनी सांगितलंय, मला इथून दिसत नाही." त्या जरा रागावल्या. मग उठून खिडकीशी गेल्या. पिवळे होते थोडे. दोन दिवस दिव्याखाली ठेवावं लागलं.

गेल्या श्रावणात नणंदेला मुलगा झाला. कानबाईच्या सणाची, रोटांची गडबड चालू होती, घर माणसांनी भरलेलं. बाळ हातोहात फिरत होतं, एक म्हणाली रंग बापाचा, दुसरी म्हणाली नाही गं, अजून कळायचंय, कान बघ. सासूबाईंनी बाळ तिच्या हातातून घेतलं, खिडकीपाशी नेलं, पदरानं त्याच्या तोंडावरचं ऊन अडवलं आणि अंगठ्यानं पापणी हळूच खाली ओढून बघत राहिल्या.